उरलेल्या आठ महिन्यांचं काय?

"नमस्कार. मी कोल्हापूरची. माझी मुलगी 17 वर्षांची, बारावी कॉमर्सला आहे. सहावीपासून फुटबॉल खेळते. फॉरवर्ड आहे, दोनदा राज्याच्या ज्युनियर संघात होती. तिला प्रोफेशनल खेळाडू व्हायचंय. बारावी अर्धी टाकून बेंगळुरूच्या एका अकादमीत जाते म्हणते. तिचे बाबा म्हणतात, पोलीस भरतीची तयारी कर, फुटबॉलनं पोट भरत नाही. त्यात एका स्पर्धेत भेटलेल्या एजंटनं युरोपातल्या क्लबच्या ट्रायलला नेतो, करार नक्की होणार, असं सांगून अडीच लाख मागितलेत. महिनाअखेर पैसे भरायचे आहेत. आणि नवीन कोच आल्यापासून तिला पुढं मधे न खेळवता विंगला खेळवतात, म्हणून घरात रोज रडारड. मला तर ऑफसाइडसुद्धा कळत नाही. काय करू? तिचे बूटही फाटलेत, कुठले घ्यावेत तेवढं सांगा."
— एक आई

ताई,

आधी तातडीचं. ते अडीच लाख भरू नका. 'टोकन' म्हणून पाच हजारसुद्धा नाही.

तुमची लेक 17 वर्षांची आहे. फिफाच्या नियमानुसार 18 पूर्ण झाल्याशिवाय एका देशातल्या खेळाडूची दुसऱ्या देशातल्या क्लबकडे नोंदणी होत नाही. अपवाद आहेत, पण मोजके. आईवडील फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणानं त्या देशात राहायला गेले, किंवा खेळाडूचं घर आणि क्लब दोन्ही देशाच्या सीमेला अगदी लागून आहेत, असले. (निपाणीची सीमा त्यात धरत नाहीत.) तेव्हा "करार नक्की" म्हणणाऱ्या या गृहस्थाला एकतर नियम माहीत नाही, नाहीतर तुम्हाला तो माहीत नाही याची त्याला खात्री आहे. दोन्ही बाबतीत पैसे आपल्याच खिशात राहिलेले बरे.

त्याला मेसेज करा. क्लबचं पत्र क्लबच्या अधिकृत ईमेलवरून थेट आम्हाला येऊ दे, आणि तुमचा फिफाचा एजंट परवाना क्रमांक द्या. बस, एवढंच लिहा. परवाना असलेल्या एजंटांची नावं फिफाच्या संकेतस्थळावर शोधता येतात. खरा एजंट करार झाल्यावर खेळाडूच्या पगारातून टक्केवारी घेतो, ट्रायलच्या आधी आईच्या पाटल्यांवर त्याची नजर नसते. आणि अल्पवयीन मुलीचं काम बघायचं तर त्याला पालकांची लेखी संमती लागते. तुमच्याकडं त्यानं तसा कागद मागितला का? नाही ना. फक्त पैसे मागितले.

आपल्या मुली परदेशात गेल्याच नाहीत असं नाही. पण त्या कशा गेल्या ते बघा. मणिपूरच्या बाला देवीनं जानेवारी 2020 मध्ये स्कॉटलंडच्या रेंजर्स क्लबशी अठरा महिन्यांचा करार केला, तेव्हा ती 29 वर्षांची होती. वर्षानुवर्षं भारताकडून गोल केलेले, कर्णधारपद केलेलं, मग ट्रायल, मग करार. पंजाबातल्या होशियारपूरकडची मनीषा कल्याण गोकुलम केरळकडून देशातली लीग जिंकली, नोव्हेंबर 2021 मध्ये ब्राझीलविरुद्ध त्यांच्याच देशात गोल केला, आणि 2022 मध्ये सायप्रसच्या अपोलोन क्लबकडे गेली. युरोपातल्या क्लबांची सर्वात वरची स्पर्धा म्हणजे युएफाची महिला चॅम्पियन्स लीग, त्यात खेळलेली ती पहिली भारतीय. ब्राझीलच्या त्या सामन्यात आपण 6-1 नं हरलो होतो, पण तो एक गोल तिच्या नावावर कायमचा लागला. सांगायचं काय, की परदेशाचं दार देशातल्या लीगमधून आणि भारतीय संघातून उघडतं. स्पर्धेच्या मैदानाबाहेर चहाच्या टपरीवर भेटलेल्या माणसाकडं त्याची किल्ली नसते.

आता मूळ प्रश्न. फुटबॉलनं पोट भरतं का?

तिचे बाबा म्हणतात ते अर्धं खरं आहे, आणि ते अर्धं तुमच्या लेकीला कुणीतरी आकड्यांनिशी सांगायला हवं. आपल्याकडं महिलांची सर्वात वरची स्पर्धा म्हणजे इंडियन विमेन्स लीग, आयडब्ल्यूएल. ती 2016-17 च्या हंगामापासून सुरू आहे. आधीची बरीच वर्षं सगळे संघ एका गावात जमायचे आणि काही आठवड्यांत स्पर्धा उरकायची. 2023-24 मध्ये घरच्या आणि बाहेरच्या मैदानावर अशी खरी लीग पहिल्यांदा झाली. त्याच सुमारास अखिल भारतीय फुटबॉल महासंघानं क्लबांना अट घातली, की किमान दहा भारतीय खेळाडूंशी वर्षाला निदान 3 लाख 20 हजारांचा करार करायचा. ही सुधारणा मोठीच आहे. पण आकडा नीट वाचा. महिन्याला साधारण सत्तावीस हजार, आणि तेही दहाजणींना. अकराव्या, अठराव्या नंबरच्या मुलीला काय मिळेल याची हमी त्यात नाही.

आणि हंगाम केवढा? 2024-25 मध्ये आठ संघ होते. प्रत्येकाचे 14 सामने, जानेवारी ते एप्रिल. कोलकात्याचं ईस्ट बंगाल जिंकलं. चार महिन्यांत खेळ संपला. मला विचाराल तर महिला फॉरवर्डच्या करिअरचा निकाल या चार महिन्यांत लागत नाही, उरलेल्या आठ महिन्यांत लागतो. त्या काळात ती कुठं राहते, कोण तिला जेवायला घालतं, सरावाला मैदान आहे का, समोर खेळायला दमदार बचाव फळी आहे का, हातात पगार आहे का. पुरुषांच्या फुटबॉलवरून तुमच्या लेकीनं जे चित्र मनात रंगवलंय, त्यात हा आठ महिन्यांचा खड्डा दिसतच नाही. तो भरायचा कशानं, हे ठरवणं म्हणजेच करिअर ठरवणं.

आणि इथं तिच्या बाबांची पोलीस भरती खलनायक राहत नाही. बाला देवी स्वतः मणिपूर पोलिसांत नोकरीला होती. रेंजर्सला गेली ती पोलिसाची नोकरी असलेली बाई. रेल्वेचा महिला संघ वर्षानुवर्षं राष्ट्रीय स्पर्धेत खेळतोय. आपल्याकडच्या कित्येक चांगल्या खेळाडूंच्या घरची चूल खात्याच्या पगारावर पेटली आणि लीगचं मानधन वरकड राहिलं. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना 5 टक्के आरक्षण आहे. पण त्यासाठी कुठल्या स्पर्धेतला कितवा क्रमांक चालतो याचे नियम ठरलेले आहेत, आणि प्रमाणपत्राची विभागीय क्रीडा उपसंचालकांच्या कार्यालयाकडून पडताळणी करून घ्यावी लागते. तिची आजवरची सगळी मूळ प्रमाणपत्रं एका फाइलमध्ये लावा. झेरॉक्स नव्हे, मूळ. मग एक दिवस जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात जाऊन विचारून या, यातली कुठली चालतात आणि कुठल्या स्पर्धेत उतरलं तर चालेल. हे काम तिच्या बाबांकडं द्या. ते रोज ज्या भरतीबद्दल बोलतात तिचाच हा कागद आहे, नाही म्हणायचे नाहीत.

आणि पोलीस शिपाई भरतीला बारावी पास लागते. म्हणजे बारावी अर्धी टाकायची म्हणजे बाबांचा रस्ता तर बंदच, वर तिचा स्वतःचाही आधार गेला. लीग डिसेंबर-जानेवारीत सुरू होते, बारावीची परीक्षा फेब्रुवारीत. या हंगामात तिला आयडब्ल्यूएलचा कुठला क्लब घेणार होता? कुठलाच नाही. मग कॉलेज सोडून ती नक्की काय गाठणार? परीक्षा द्यायची, निकाल लावायचा, आणि जूनमध्ये बेंगळुरूचा विषय काढायचा.

बेंगळुरूला जाऊच नये असं मात्र मी म्हणणार नाही. उलट, कधी ना कधी तिला महाराष्ट्राबाहेर जावंच लागेल. 2022 मध्ये एकाच वर्षात महिलांचा आशियाई चषक आणि मुलींचा 17 वर्षांखालचा विश्वचषक, दोन्हींचे अंतिम सामने नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर झाले. मोठे दिवे, मोठ्या बातम्या. आणि 2024-25 च्या आयडब्ल्यूएलमधल्या आठ संघांत महाराष्ट्राचा एकही नव्हता! कोलकाता, भुवनेश्वर, मदुराई, कोझिकोड, दिल्ली, बेंगळुरू, सगळे होते. काही वर्षांपूर्वी एफसी कोल्हापूर सिटी या नावानं आपल्या गावचा संघ या लीगमध्ये खेळला होता, हे तुमच्या लेकीला माहीत असेल. शाहू स्टेडियमवर तालमींच्या फुटबॉल संघांच्या सामन्याला माणूस माणसावर बसतो, पेठापेठांत आठवडाभर तोंडाला तोंड लागतं, आणि त्याच गावाला मुलींचा एक संघ वरच्या लीगमध्ये टिकवता येऊ नये, याचा मला राग आहे. असो. तो राग तुमच्या प्रश्नाचं उत्तर नाही.

अकादमीत पैसे भरण्याआधी तिथं स्वतः जा आणि तीन गोष्टी विचारा. मुलींचा वेगळा संघ कुठल्या लीगमध्ये खेळतो आणि वर्षाला किती सामने होतात? दुखापत झाली तर डॉक्टर आणि फिजिओ कोण, खर्च कुणाचा? आणि गेल्या दोन वर्षांत इथून कुठल्या मुली कुठल्या क्लबमध्ये गेल्या? नावं सांगितली तर त्या मुलींना फोन करा. हॉस्टेलची खोली आणि स्वच्छतागृह स्वतः उघडून बघा, माहितीपत्रकातले फोटो पाहून परत येऊ नका. कर्नाटकात, केरळात, बंगालमध्ये राज्य पातळीवर मुलींच्या लीग होतात, तिथं खेळायला मिळत असेल तर त्या आठ महिन्यांतले काही महिने भरले. नुसता सराव आणि टर्फवरचे (कृत्रिम गवतावरचे) व्हिडिओ असतील, तर घरी राहून तेवढं होतं.

आता विंग, म्हणजे मैदानाच्या कडेनं खेळायची जागा. तिच्या रडारडीचा मला सगळ्यात जास्त राग आला, आणि सगळ्यात जास्त आशाही तिथंच वाटली.

तिला म्हणावं, गोल करणाऱ्यांची यादी काढून बघ. 2024-25 मध्ये आयडब्ल्यूएलमध्ये सर्वाधिक गोल केले ते युगांडाच्या फाझिला इक्वापुटनं. विजेत्या ईस्ट बंगालसाठी पुढं मधे होती घानाची एल्शदाई अचेआमपाँग. त्याआधी नेपाळची सबित्रा भंडारी आपल्या लीगमध्ये ढिगानं गोल करून गेली आणि पुढं फ्रान्सच्या गँगाँ क्लबपर्यंत पोचली. क्लबला परदेशी खेळाडू घेण्याची मुभा मोजकीच असते, आणि ती जागा ते बहुधा गोल करणाऱ्या बाईवर खर्च करतात. सरळ हिशेब आहे, गोल विकत घेता येतो. म्हणजे तुमच्या लेकीला जी जागा हवी आहे, तिच्यासाठी तिची स्पर्धा इचलकरंजीच्या मुलीशी नाही, युगांडातल्या कंपालाच्या बाईशी आहे.

मग भारतीय फॉरवर्ड खेळतात कुठं? विंगला. मनीषा कल्याण विंगला खेळते. तेलंगणाची सौम्या गुगुलोथ विंगला खेळून ईस्ट बंगालच्या विजेतेपदात गोल करते. नवीन कोचनं तिला बाजूला काढलेलं नाही, लीगमध्ये जिथं जागा मिळते तिथं उभं केलंय. त्याच्या मनात हेच होतं का, मला सांगता येणार नाही. कदाचित त्याच्याकडं दुसरी विंगर नसेल. पण फायदा तिचाच आहे.

तरी पुढं मधे खेळायची हौस सोडायची गरज नाही. गोलकडं पाठ करून, अंगावर बचावपटू असताना, पहिल्या टचमध्ये चेंडू ताब्यात ठेवायला शिकायचं. डावा पाय कच्चा असेल तर रोज भिंतीवर डाव्या पायानं. आणि चेंडू गेला की पहिली धावणारी आपण. आजचे कोच फॉरवर्डकडून आधी हे मागतात, गोल मागाहून. विंग, पुढची मधली जागा आणि तिच्या लगेच मागची जागा, अशा तीन जागी जी खेळू शकते तिला करार मिळतो. एकाच जागेचा हट्ट धरणारी मुलगी यादीत खाली जाते.

तुमच्यासाठी एक काम आहे, आणि त्याला ऑफसाइड कळायची गरज नाही. (कट्ट्यावर बसून छातीठोकपणे 'ऑफसाइड!' ओरडणाऱ्यांतल्या निम्म्यांनाही तो कळत नाही.) मोबाइल ट्रायपॉडवर लावून, शक्यतो उंचावरून, तिचे पूर्ण सामने शूट करा. नव्वद मिनिटं, न कापता. त्यातूनच तिला तीन-चार मिनिटांची क्लिप काढू द्या, पण क्लिपमध्ये गोलच गोल नकोत. चेंडू नसताना ती कुठं पळते, चेंडू गमावल्यावर काय करते, हे असायला हवं. क्लबवाले क्लिप बघून पूर्ण सामना मागतात, तेव्हा तो हातात असला पाहिजे.

आता गुडघा. पत्रात तुम्ही याबद्दल काही विचारलं नाही, पण या सगळ्या हिशेबावर पाणी फिरवणारी गोष्ट हीच. गुडघ्यातला एसीएल नावाचा अस्थिबंध (लिगामेंट) मुलींमध्ये मुलांपेक्षा कितीतरी जास्त वेळा फाटतो, आणि फॉरवर्डचा खेळच भरधाव धावून एकदम थांबण्याचा आणि वळण्याचा. नॉर्वेची आडा हेगरबर्ग, बॅलन डी'ऑर हा वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार महिलांमध्ये पहिला 2018 मध्ये तिलाच मिळाला. जानेवारी 2020 मध्ये तिचा एसीएल गेला आणि मैदानावर परतायला ऑक्टोबर 2021 उजाडलं. तिच्यामागं फ्रान्सच्या लियाँसारखा बलाढ्य क्लब होता. बाला देवीलाही स्कॉटलंडमध्ये याच दुखापतीनं गाठलं. आपल्या पोरींमागं कोण असतं? आई आणि एक क्रेप बँडेज.

म्हणून दोन गोष्टी. फिफा 11 प्लस नावाचा वॉर्म-अप आहे, वीस मिनिटांचा, पंधरा व्यायामांचा, यूट्यूबवर फुकट. आठवड्यातून किमान दोनदा नियमानं केला तर दुखापती साधारण तिसऱ्या हिश्शानं कमी होतात असं अभ्यासांत दिसलंय. तिचे कोच घेत नसतील तर तिनं एकटीनं करावा. आणि दुसरं, तिची पाळी. भरपूर सराव करणाऱ्या मुलीची पाळी दोन-तीन महिने आली नाही तर "खेळते ना, म्हणून" असं म्हणून सोडून देऊ नका. बहुतेक वेळा ती पुरेसं खात नसते, आणि हाडं त्याची किंमत मोजतात. डॉक्टरांकडं न्या, हिमोग्लोबिन बघा. वजन वाढेल म्हणून भाकरी कमी करत असेल तर ताटात परत वाढा. सरावाआधी काहीतरी पोटात गेलंच पाहिजे आणि सरावानंतर लगेच दूध, अंडी, शेंगदाणे, घरात असेल ते.

पुढं कधी क्लबचा करार समोर आला तर तो घरी आणून दोन दिवस वाचा. 18 च्या आतल्या खेळाडूशी तीन वर्षांपेक्षा जास्त करार करता येत नाही. पगार कुठल्या महिन्यापासून कुठल्या महिन्यापर्यंत, दुखापतीचा खर्च आणि त्या काळातला पगार, राहणं-जेवण, आणि मधेच दुसरा क्लब आला तर सोडण्याच्या अटी, हे चार मुद्दे कागदावर नसतील तर तोंडी आश्वासनावर सही करू नका. महासंघाच्या नोंदणी प्रणालीत तिचं नाव कुठल्या क्लबकडं दाखवलंय तेही तपासा. न सांगता नोंदणी करून ठेवली की दुसरीकडं जाताना अडतं.

तिच्यासमोर ठेवायचं उद्दिष्ट मी युरोप ठेवणार नाही. बारावी, मग शिवाजी विद्यापीठाच्या संघातून आंतरविद्यापीठ स्पर्धा, आणि त्याबरोबरच महाराष्ट्राचा सीनियर संघ. सीनियर महिलांची राष्ट्रीय स्पर्धा आता राजमाता जिजाबाई करंडक म्हणून खेळली जाते. तिथं क्लबांची माणसं बघायला येतात, आणि तिथलं प्रमाणपत्र तिच्या बाबांच्या फाइललाही लागतं. जुलै 2025 मध्ये आपल्या मुली थायलंडला त्यांच्याच घरी 2-1 नं हरवून आशियाई चषकाला पात्र ठरल्या, पात्रता फेरी खेळून पहिल्यांदाच. दोन्ही गोल संगीता बासफोरचे, आणि ती फॉरवर्ड नाही, मिडफिल्डर आहे, मधल्या फळीतली. विंगचं रडगाणं पुन्हा सुरू झालं तर हे सांगा.

राहिले बूट. ती कुठं खेळते त्यावर आहे. शाळेचं नाहीतर पेठेतलं कडक मातीचं मैदान असेल तर लांब स्टडचे (तळाला लांब खुंट असलेले) बूट घेऊ नका. स्टड रुततात किंवा अडकतात आणि गुडघा पिळतो. अशा मैदानाला आणि टर्फला बारीक रबरी ठिपक्यांचे, दुकानात 'टीएफ' म्हणून मिळतात ते घ्या. गवताच्या मैदानावरच्या सामन्यांसाठी 'एफजी' वेगळे. दोन जोड एकदम परवडत नसतील तर आधी टीएफ, कारण तिचे जास्त तास त्याच मातीवर जातात. संध्याकाळी, सरावाचेच मोजे घालून मापाला न्या, पाय तेव्हा थोडे फुगलेले असतात. आणि "वाढत्या पायाला एक नंबर मोठा" हे या वेळी नको.